मधुपर्काऐवजी चहा

मुलुंड पूर्व
८ ऑक्टोबर २०२५

विद्याधर,

श्रुतिकाचं लग्न ठरल्याचं तिने तुला सांगितलंच आहे. पुढचं मी कळवावं असा तिचा हट्ट, म्हणून लिहिते आहे. फोनवर आपण तिसऱ्या वाक्याला वाकड्यात शिरतो, आणि मेसेजमध्ये मावेल एवढं हे लहान नाही. पत्रात कुणाला मधे बोलता येत नाही, ही एक सोय.

लग्न रविवारी, ३० नोव्हेंबरला, इथल्याच कार्यालयात. नितेश तुला बोरिवलीला येऊन भेटून गेला आहे, तेव्हा त्याच्याबद्दल लिहीत नाही. घरची माणसं घाटकोपरची, मूळची मालवणकडची. आजोबा गिरणीत होते. वडील चंद्रप्रकाश बेस्टमधून निवृत्त झाले, आई वनमालाताई अजून पोळी-भाजी केंद्र चालवतात. मोकळी माणसं आहेत. पहिल्याच भेटीत वनमालाताईंनी मुलीच्या वडिलांची चौकशी केली. मी म्हटलं, ते बोरिवलीला असतात. त्यावर त्या म्हणाल्या, "बोरिवली म्हणजे काय दुबय नाय. येतले मां लग्नाक?"

मी विषय बदलला.

आता मुद्द्याचं. या दोघांची एक रीत आहे, ती तुला ठाऊक आहे की नाही कोण जाणे. भांडण झालं की ज्याला राग आला असेल त्याने चहा करायचा. एकच कप, दोघांत अर्धा-अर्धा. कप रिकामा होईपर्यंत कोणी बोलायचं नाही. मग रागावलेल्याने बोलायचं आणि दुसऱ्याने ऐकायचं. ऑफिसखालच्या टपरीवर हे सुरू झालं म्हणे, तिथे करण्याऐवजी चहा मागवायचा. मी मात्र श्रावणात आपल्याच ओट्यापाशी पाहिलं. नितेशचा चेहरा रागाने लाल झाला होता आणि तो मुकाट्याने आलं किसत होता. ही समोर स्टुलावर बसून वाट बघत होती. भांडण कशावरून होतं ते शेवटपर्यंत मला कळलं नाही. चहा झाल्यावर दोघं गॅलरीत गेली आणि थोड्या वेळाने हसण्याचे आवाज आले.

त्यांना ही रीत लग्नात हवी आहे. नुसती हौस म्हणून रिसेप्शनला नव्हे, विधींत. मुलीचे आईवडील नवऱ्या मुलाला मधुपर्क देतात, दही आणि मध, त्या जागी चहाचा एक कप. तो दोघांनी मिळून प्यायचा आणि तोवर मांडवात कोणी बोलायचं नाही. मी सरळ नाही म्हटलं. लग्न म्हणजे कॉलेजचं गॅदरिंग नव्हे. वाटलं, गुरुजी माझ्या बाजूने उभे राहतील. किरण गुरुजी वयाने श्रुतिकाच्याच बरोबरीचे. ते शांतपणे म्हणाले, मधुपर्क म्हणजे दारी आलेल्याला गोड देऊन मान द्यायचा. चहा गोड असला म्हणजे माझं काम झालं. वनमालाताईंकडून तरी विरोध होईल असं वाटलं होतं. त्या म्हणाल्या, "चायच हा मां? दारू तर नाय."

तेव्हा मी हरले. पण श्रुतिकाची एक अट आहे आणि हे पत्र त्या अटीसाठी आहे. तो चहा आपण दोघांनी करायचा. तू आणि मी, एका पातेल्यात, कार्यालयाच्या स्वयंपाकघरात. आचाऱ्याकडून करून घेऊ, असं मी सुचवलं. ती म्हणाली, "मग रजिस्टर लग्न करू, आई. चहा टपरीवर पिऊ. तिथे तरी तो नवरा-बायको मिळून करतात."

ती हे बोलली तेव्हा आवाज चढवला नव्हता. तिचा आवाज चढला नाही म्हणजे ती ते करते, हे तुला माहीत आहे. आणि मला माझ्या मुलीचं लग्न मांडवात हवं आहे.

येणार की नाही ते कळव. मी रागावून लिहीत नाही. मी कुणावर रागावलेली नाही.

शर्मिष्ठा


मुलुंड पूर्व
१९ ऑक्टोबर

विद्याधर,

तुझं कार्ड मिळालं. "येईन. चहा करीन. स्टेजवर उभा राहणार नाही. चहा झाला की मागच्या दाराने निघेन." एवढंच. तुझी अक्षरं पूर्वीसारखीच उजवीकडे कलंडलेली आहेत.

ते मी श्रुतिकाला वाचून दाखवलं. ती काही वेळ फराळाच्या डब्यांची झाकणं लावत राहिली. मग म्हणाली, "चालेल. चहा मिळाला म्हणजे झालं." ते चालण्यासारखं नाही, हे तिच्या पाठीवरून दिसत होतं. पण अट तिने घातली होती आणि तू ती पाळतो आहेस, त्यामुळे तिला बोलायला जागा नव्हती. यात ती तुझ्यावर गेली आहे की माझ्यावर, हे मला ठरवता येईना.

मी तिला विचारलं, एका पातेल्याचा एवढा आग्रह कशासाठी? तिने झाकण लावता लावताच सांगितलं. ती शाळेतून यायची तेव्हा आधी ओट्याकडे बघायची. एका शेगडीवर एक पातेलं असलं की दप्तर हॉलमध्येच टाकायची. दोन शेगड्यांवर दोन पातेली दिसली, तुझं पितळेचं आणि माझं स्टीलचं, की दप्तर घेऊन सरळ आतल्या खोलीत जायची आणि अभ्यासाला बसायची. आपण दोघं तिचं कौतुक करायचो, बघ, सांगावं लागत नाही, आपणहून अभ्यासाला बसते.

मी चकल्या मोजून डब्यात भरल्या. तुलाही नुसतं कळवते आहे, त्याचं काय करायचं ते तू बघ.

दिवाळीचा फराळ तिच्याबरोबर पाठवते. अनारसे पाठवत नाही, या वेळी बिघडले.

शर्मिष्ठा


मुलुंड पूर्व
४ नोव्हेंबर

विद्याधर,

तू मला लिहिलेल्या पत्रांतलं हे सर्वांत मोठं पत्र, आणि सगळं दुधाबद्दल.

पाणी आणि दूध एकदमच उकळायला ठेवावं, हा तुझा आग्रह मला मान्य नाही. मी जन्मभर केमिस्ट्री शिकवली. पावडरीचा अर्क पाण्यात उतरतो तसा दुधात उतरत नाही. आधी पाणी, त्यात पावडर, ती चांगली उकळली की मग गरम केलेलं दूध. चहा म्हणजे प्रॅक्टिकलची परीक्षा नव्हे, असं तू लिहितोस. बरोबर आहे. परीक्षेत मी पुन्हा करायला सांगितलं असतं, इथे पुन्हा संधी नाही.

तोड अशी: पाणी आणि पावडर मी बघेन, दूध तू बघ. त्यात मी बोलणार नाही. आलं मला हवं, गवती चहा तुला. दोन्ही घालू. गवती चहा तुझ्या बाल्कनीतलाच आण. श्रुतिका तुझ्याकडून येताना नेहमी जुडी आणते आणि न बोलता फ्रिजमध्ये ठेवते. मी न बोलता वापरते.

पातेलं श्रुतिका नवीन आणणार आहे. तुझं नको, माझं नको, असं तिचं म्हणणं. आचाऱ्याशी मी बोलले. ऐन मुहूर्ताच्या वेळी त्याला स्वयंपाकघरात परकं माणूस नको होतं, तरी कोपऱ्यातली एक शेगडी देतो म्हणाला. एकच.

आणखी एक. जेवणाआधी नितेशचे वडील गाऱ्हाणं घालणार आहेत. त्यांच्याकडे घरातल्या मोठ्याने देवाला सगळ्यांच्या वतीने सांगायचं असतं आणि बाकीच्यांनी प्रत्येक वाक्याला "होय म्हाराजा" म्हणायचं. वेळ बसवायला हवी म्हणून मी ते लिहून मागितलं. चंद्रप्रकाश हसले. म्हणाले, आधी लिहून ठेवलं तर आयत्या वेळी कोण आलं आणि कोण नाही, हे देवाला कसं कळणार? मी वेळापत्रकात त्यापुढे प्रश्नचिन्ह टाकून ठेवलं आहे. मला प्रश्नचिन्हं आवडत नाहीत.

तू लिहिलंस, स्टेजवर उभं राहायचा तुला हक्क नाही. हा शब्द कुणी काढला? मी नाही.

शर्मिष्ठा


मुलुंड पूर्व
१८ नोव्हेंबर

विद्याधर,

"तू एकटीच कर आणि दोघांनी केला असं सांग. तिला काय कळणार आहे." हे तुझं वाक्य मी पुन्हा पुन्हा वाचलं.

तिला कळेल. तिला दोन पातेली कळत होती. आणि कळलं नाही तरी लग्नाच्या दिवशी मी माझ्या मुलीला खोटा चहा पाजणार नाही.

लोक काय विचारतील, अशी काळजी तू आता करतोस. मी ती रोज केली आहे. तुझ्या आईंच्या आजारपणासाठी तू बोरिवलीला गेलास तेव्हा तुझी बॅग मी भरली, थोड्या दिवसांची. आई गेल्या. दिवस झाले. तुझे स्वेटर इथेच होते म्हणून मला वाटलं, थंडीच्या आधी येशील. मग श्रुतिकाच्या हाती तू स्वेटर मागवलेस. मी ते धुऊन, घडी घालून दिले. तू का आला नाहीस ते तू सांगितलं नाहीस आणि मी विचारलं नाही. भांडण झालं असतं तर लोकांना सांगायला निदान भांडण असतं. सोसायटीत अजून काही जणांना वाटतं, तू आईंचं घर सांभाळायला तिकडे राहतोस. तसं मी त्यांना वाटू दिलं.

हे सगळं काढायचं नव्हतं. श्रुतिकाला यातलं काही सांगितलेलं नाही. कालच ती पातेलं घेऊन आली. माप बघायला तिने त्यात पाणी भरून पाहिलं, मग पुसून पुन्हा खोक्यात ठेवलं. तू नकार दिला आहेस हे मी तिला सांगणार नाही. सांगायचं असेल तर तू सांग, समोर बसून.

तेव्हा विचारलं नाही, आता विचारते. येणार आहेस का?

शर्मिष्ठा


मुलुंड पूर्व
३ डिसेंबर

विद्याधर,

तू उत्तर पाठवलं नाहीस, थेट आलास. किचनच्या मागच्या दारात गवती चहाची जुडी हातात धरून उभा होतास, आणि आचारी तुला भाजीवाला समजून आत घेत होता. ते तुला माहीत आहे. आपण शेगडीपाशी जे काही बोललो ते गॅस मोठा करण्या-बारीक करण्याबद्दल होतं, तेही तुला माहीत आहे. मी कप उचलला तेव्हा तू एप्रनसारखा बांधलेला पंचा सोडलास आणि पिशवी घेतलीस. पुढचं तू पाहिलं नाहीस. ते लिहिते.

मी कप घेऊन मांडवात गेले. गुरुजींनी सगळ्यांना सांगितलं की हा कप रिकामा होईपर्यंत कृपया शांतता ठेवावी. सनईची रेकॉर्ड बंद केली. व्हिडिओवाला देखील "इकडे बघा" म्हणायचा थांबला. नितेशचे एक काका मागून मोठ्याने म्हणाले, "लाईट गेली काय?" त्यांना कोणी तरी खाली बसवलं. मग खरोखरच सगळे गप्प झाले. लग्नाच्या हॉलमध्ये एवढी शांतता मी कधी ऐकली नव्हती. स्वयंपाकघरातून पुऱ्या तळल्याचा आवाज येत होता.

नितेशने पहिला घोट घेतला. त्याच्या भुवया वर गेल्या आणि तिथेच राहिल्या. त्याने कप श्रुतिकाकडे दिला. तिने घोट घेतला, माझ्याकडे पाहिलं, आणि काही न बोलता दुसरा घेतला. मला कळेना. चहा गार झाला असेल असं वाटलं. रीत ती रीत, दोघांनी शेवटपर्यंत प्यायला, आळीपाळीने, काढा पितात तसा. कप खाली ठेवल्यावर ती हलकेच म्हणाली, "आई, साखर?"

मी म्हटलं, तुझ्या बाबांनी घातली.

"बाबांनी नाही घातली. कुणीच नाही घातली."

मी उभी होते तिथेच मला सगळं दिसलं. साखरेचा डबा तुझ्या बाजूला होता. जुन्या दिवसांत मी साखर घातली की तू वरून आणखी घालायचास, आणि मी म्हणायचे, माझ्या हाताचं एकदा तरी आहे तसं पी. त्यावरून पातेली दोन झाली. आपण पत्रांत दुधावर भांडलो, आल्यावर भांडलो, साखरेचं नाव दोघांनीही काढलं नाही. मी तर मुद्दामच काढलं नाही. त्या दिवशी मनात आलं, घालू दे याला हवी तेवढी, म्हणून मी तुझ्याकडे पाठ करून कप पुसत बसले. वळले तेव्हा तू डबा माझ्या बाजूला सरकवत होतास. मला वाटलं, तुझं घालून झालं. मी झाकण लावलं. तू काही बोलला नाहीस. डबा तू मला घालायला दिला असणार, आणि झाकण लागलेलं पाहून तुला वाटलं असेल, हिने घातली तेवढी पुरे, आज बोलायचं नाही.

श्रुतिकाला हे मी तिथेच दोन वाक्यांत सांगितलं. ती आधी हसली. मग हसता हसता तिचं काजळ खाली उतरलं आणि मेकअपवाली धावत आली. नितेश माझ्या कानाशी वाकून म्हणाला, "सासूबाई, एक नंबर चहा." गुरुजींना गोडाची आठवण होती. त्यांनी ताटातला गूळ मोडून दोघांच्या हातावर ठेवला आणि मंत्र म्हणून पुढे निघाले.

श्रुतिका तुला शोधत होती. मी म्हटलं, ते गेले. ती म्हणाली, "जेवून तरी जायचं ना." एवढंच म्हणाली.

जेवणाआधी चंद्रप्रकाशांनी गाऱ्हाणं घातलं. वेळापत्रकाची पार वाट लागली. गावच्या देवापासून सुरुवात करून त्यांनी सगळ्यांना घेतलं, नवरानवरीला, तुझ्या दिवंगत आईंना, आचाऱ्याला, सोलापूरहून येताना गाडी बंद पडलेल्या मावशीला. तू गेलास हे त्यांना कुणी सांगितलं कोण जाणे. वनमालाताईंनी पाहिलं असेल, त्यांची नजर स्वयंपाकघरावर होती. शेवटी ते म्हणाले, "आणि जो चाय करून जेवल्याबिगर गेलो, तेका सुखरूप घराक पोचव, आणि परत माघारी हाड रे म्हाराजा." हाड म्हणजे आण.

सगळे म्हणाले, "होय म्हाराजा." मी ओठ मिटून होते असं इथे लिहिणार होते. नव्हते.

कालपासून घर रिकामं आहे. हळदीची ताटं अजून कोपऱ्यात पडली आहेत, मला उचलायचा उत्साह नाही. सकाळी वनमालाताईंचा फोन आला. श्रुतिका आणि नितेश बरी आहेत, आणि त्यांच्या घरात कालच पहिलं भांडण झालं, पडद्यांच्या रंगावरून. मी काळजीने विचारलं, मग? त्या म्हणाल्या, "मग काय, तुमच्या मुलीन चाय केली. साखर घालून."

फोन ठेवला आणि मी बसून राहिले. विचार केला की मी आणि तू तो चहा इतका सांभाळून केला, एकमेकांना जागा देत, एकमेकांची चूक न काढता, की त्यात गोड काही उरलंच नाही. एवढी वर्षं आपण असंच वागलो. तू गेलास तेव्हा मी चूक काढली नाही. मी विचारलं नाही तेव्हा तू चूक काढली नाहीस. बाहेरून ते शहाणपण दिसतं. मी ते शहाणपण म्हणूनच लोकांना दाखवत आले.

पहिल्या पत्रात मी लिहिलं की मी कुणावर रागावलेली नाही. ते खरं नव्हतं. मी तुझ्यावर रागावलेली आहे, आणि पुष्कळ रागावलेली आहे. पत्रात ते मावणार नाही आणि पत्रात तू ते ऐकलंस की नाही हे मला दिसणार नाही.

रविवारी दुपारी चारला ये. पुढच्या दाराने.

शर्मिष्ठा